पाचगणीचे गुप्ते

पाचगणीत सत्तरी ओलांडलेला माणूस भेटला, की त्याच्यापाशी फ्रेडी मर्क्युरीचा विषय काढायचा नाही, असा एक नियम मी स्वतःपुरता करून घेतला आहे. कारण त्याने फ्रेडीला पाहिलेलं असतंच. नुसतं पाहिलेलं नव्हे, ऐकलेलंही असतं. निम्म्या लोकांनी त्याला चहा पाजलेला असतो. एका गृहस्थांनी तर माझ्यादेखत सांगितलं, की त्या पोराला वरचा सूर कसा लावायचा ते आमच्या चुलत्यांनी दाखवलं. चुलते लग्नाच्या बँडमध्ये क्लॅरिनेट वाजवत असत म्हणे.

मी मात्र शपथेवर सांगतो, की मी त्याला पाहिलेलं नाही. फारोख बलसारा नावाचा तो पारशी मुलगा १९५५ साली झांझिबारहून पाचगणीच्या सेंट पीटर्स शाळेत आला आणि १९६३ साली शाळा सोडून गेला. या काळातला बराचसा वेळ मी त्याच्यापासून अवघ्या बारा किलोमीटरवर, घाटाखाली वाईला, औटकीचे पाढे म्हणण्यात घालवला. जगाच्या संगीताचा इतिहास इतक्या जवळून चुकवलेला माणूस आमच्या पेठेत तरी दुसरा नाही.

हे सगळं आठवायचं कारण आमचा नातू. मुलीचा मुलगा, पुण्याला असतो. वय सतरा. गेल्या मे महिन्यात तो वाईला आला तो पाठीला गिटार आणि छातीला फ्रेडी लावून. बनियनवर फ्रेडीचा मुठ वर केलेला फोटो होता. हिने त्याची दृष्ट काढायच्या आधी बनियनकडे बघून विचारलं, "हे कोण रे? पैलवान?"

"आजोबा, आपण पाचगणीला जायचं," नातू म्हणाला. "त्याची शाळा बघायची."

एरवी हा मुलगा गणपतीच्या घाटावर यायचं म्हटलं तरी 'ऊन आहे' म्हणतो.

दुसऱ्या दिवशी आम्ही एस. टी.ने निघालो. वाई सोडली, की घाट सुरू व्हायच्या आधी पसरणी गाव लागतं. मी नातवाला म्हटलं, "हे शाहीर साबळ्यांचं गाव." तो म्हणाला, "ओके." त्याच्या 'ओके'त कुतूहलही नसतं आणि अनादरही नसतो. एखाद्या सरकारी कार्यालयाने टपाल पोहोचल्याचा शिक्का मारावा तसं ते असतं. मी मात्र मनाशी हिशेब करत होतो. घाटाच्या पायथ्याशी शाहीर साबळे, माथ्यावर फ्रेडी मर्क्युरी. दोघांवरही चित्रपट निघाले. माथ्यावरच्याचा २०१८ साली, पायथ्याच्याचा २०२३ साली. एका घाटाच्या दोन टोकांना दोन गाणारी माणसं आणि दोघांच्या नावाने तिकीटविक्री, असा दुसरा घाट महाराष्ट्रात असेल तर कळवावा. आमच्या घाटात मधल्या वळणांवर फक्त माकडं आहेत. त्यांच्यापैकी कुणी अजून गात नाही.

शाळेच्या फाटकापाशी पोहोचलो. सुट्टी होती. पहारेकऱ्याने आम्हांला नम्रपणे बाहेर ठेवलं. नातवाने फाटकाचे फोटो काढले, झाडांचे काढले, पहारेकऱ्याचाही काढला. सिल्व्हर ओकची उंच झाडं, मागे कौलारू इमारती आणि अगदी शांत. एवढ्या शांत जागी आठ वर्षं राहिलेला माणूस पुढे एवढा आवाज का करत असे, ते मला तिथे थोडंसं समजलं.

"इथे त्याचा पहिला बँड होता," नातू म्हणाला. "द हेक्टिक्स. १९५८."

"ठाऊक आहे," मी म्हटलं. "पण त्यात मुख्य गायक तो नव्हता."

नातवाने माझ्याकडे पाहिलं. त्याच्या नजरेत माझ्याविषयी प्रथमच काही आशा दिसली.

ही माहिती मी त्याच्यावर छाप पाडण्यासाठी आदल्या रात्री वाचून ठेवली नव्हती, असं मी म्हणणार नाही. पण खरी आहे. हेक्टिक्समध्ये पुढे उभा राहून गाणारा मुलगा होता ब्रूस मरे. आपला बलसारा मागे पियानोवर. गिटारवर डेरिक ब्रांच, ड्रमवर नेपाळचा व्हिक्टरी राणा, आणि फरांग इराणी बासवर. बास म्हणजे काय, तर चहाचं रिकामं लाकडी खोकं, त्यात उभी काठी आणि काठीला ताणलेली एकच दोरी. हे वाचून मला फार बरं वाटलं. लाकडी पोकळी, एक दांडी, एक तार. वाचकहो, हे आपलं तुणतुणंच की! इंग्रजी शाळेत गेल्यामुळे अंगाने जरा भरलं होतं, एवढंच.

ही पोरं एल्व्हिसची गाणी वाजवत, क्लिफ रिचर्डची वाजवत. शेजारच्या शाळेतल्या मुली शाळेच्या समारंभाला आल्या, की किंचाळत, असं सांगतात. आमच्या मेळ्यातही आवाज होत असत, पण ते 'पुढचे बसा' असे असत.

पुढे या पाचांचं काय झालं? फ्रेडीचं काय झालं ते बनियनवर लिहिलेलंच आहे. ड्रमवाला व्हिक्टरी राणा नेपाळच्या सैन्यात गेला, सेनापतीच्या हुद्द्याला चढला आणि १९९९ साली सायप्रसमधल्या संयुक्त राष्ट्रांच्या शांतिसेनेचा प्रमुख झाला. लहानपणी ड्रम बडवणाऱ्या मुलाला मोठेपणी शांतता राखायचं काम मिळावं, यात कुठेतरी न्याय आहे. तुणतुणेवाल्या इराण्यांनी पुण्यात सिझलरचं हॉटेल चालवलं. म्हणजे आवाज काढणं त्यांनी सोडलं नाही.

पण मला सगळ्यांत जवळचा वाटतो तो गिटारवाला. कारण त्याची नि माझी ओळख फ्रेडीच्याही आधीची आहे. फक्त तेव्हा मला ती गुप्ते म्हणून झाली होती.

त्याचं असं झालं. आमचे मेहुणे, म्हणजे हिचे थोरले बंधू, इंग्लंडात यॉर्कशरला डॉक्टर होते. १९८० च्या सुमारास त्यांचं निळं एअरमेल पत्र आलं. हवापाणी, बर्फ, लोणचं पोहोचलं वगैरे झाल्यावर खाली लिहिलं होतं, 'इथे टीव्हीवर हॉस्पिटलची एक गमतीची मालिका लागते. तीत एक पुरुष नर्स आहे. नाव गुप्ते!'

हिने ते पत्र अख्ख्या वाड्यात फिरवलं. वाड्यात एक सीकेपी गृहस्थ राहत. त्यांनी चष्मा लावून ती ओळ तीनदा वाचली आणि म्हणाले, "आमच्यातलेच. बहुधा चौलकडचे." त्या रविवारी त्यांच्याकडून आमच्याकडे वालाचं बिरडं आलं. साता समुद्रापलीकडच्या टीव्हीवर आपलं माणूस झळकलं, तर वाईत बिरडं वाटायलाच हवं.

महिन्याभराने दुसरं पत्र आलं. 'गुप्ते हे फक्त पात्राचं नाव आहे. नटाचं नाव डेरिक ब्रांच.' मी बँकेतला माणूस. आधी मला वाटलं, मेहुणे कुणाच्या तरी बदलीची बातमी कळवताहेत. वाड्यातल्या गृहस्थांना ही गोष्ट सांगायचं धैर्य मला झालं नाही. बिरडं पचून गेलं होतं.

ती मालिका 'ओन्ली व्हेन आय लाफ'. १९७९ ते १९८२ अशी यॉर्कशर टेलिव्हिजनने दाखवली. नावाचा अर्थ आपल्या ओळखीचाच आहे. रोग्याला विचारावं, 'दुखतं का?' आणि त्याने म्हणावं, 'हसलो तरच.' एका वॉर्डात तीन रोगी वर्षानुवर्षं पडून आहेत, बरे होत नाहीत आणि घरीही जात नाहीत. त्यांच्यावर एक कडू तोंडाचा मोठा डॉक्टर आणि या सगळ्यांच्या मध्ये सापडलेला स्टाफ नर्स गुप्ते. पुढे मेहुण्यांनी कॅसेटवर उतरवून आणलेले काही भाग आम्ही पाहिले. मालिकेच्या नायकांत गुप्त्यांची गणना नाही. रोग्यांचं बोलणं आणि डॉक्टरची बोलणी, दोन्ही खायची आणि चेहरा सरळ ठेवायचा. मी बँकेत काउंटर आणि मॅनेजर यांच्यामध्ये एकतीस वर्षं बसलो. गुप्ते मला पहिल्या पाच मिनिटांत कळले.

हा गुप्ते म्हणजे पाचगणीच्या बँडमधला गिटारवाला, हे मला कळलं ते मात्र फ्रेडीवरचा चित्रपट आल्यावर. त्या वेळी वर्तमानपत्रांत हेक्टिक्सबद्दल रकाने भरभरून आले. एका रकान्याच्या तळाशी ते नाव होतं. डेरिक ब्रांच. मी चहाचा कप खाली ठेवला आणि हिला हाक मारली, "अगं, आपले गुप्ते पाचगणीचे निघाले!"

साठाच्या दशकात पोरांना गाणं आलं, की सिनेमाही आपोआप येत असे. ही पोरं ज्याची गाणी वाजवत तो क्लिफ रिचर्डच बघा. मूळचा हॅरी वेब, जन्म १९४०, मुक्काम लखनौ. गाणी गाजली, की लगेच 'द यंग वन्स' आला, मग १९६३ साली 'समर हॉलिडे'. त्यात तो लंडनची दुमजली लाल बस घेऊन गात गात थेट अथेन्सला जातो. वाईची बस घेऊन पाचगणीला गात निघालेल्या ड्रायव्हरला आपल्याकडे काय मिळालं असतं, ते वाई डेपोत विचारून घ्यावं. एल्व्हिसने तर तीसच्या वर चित्रपट केले आणि गिटार कुठल्या ना कुठल्या बहाण्याने हातात येईच. बीटल्सनी १९६४ साली पडद्यावर नुसतं पळून दाखवलं, तरी लोक किंचाळले. थोडक्यात, गाणारा पडद्यावर आला की तो नायक, आणि तो नायक तोच असे, जो तो घरीही होता.

आमच्या पाचगणीच्या गिटारवाल्याच्या वाट्याला दुसऱ्या जातीचा सिनेमा आला. १९८४ साली 'द ज्युअल इन द क्राउन' ही चौदा भागांची मोठी मालिका इंग्लंडात गाजली. पॉल स्कॉटच्या कादंबऱ्यांवरची, इंग्रजी राज्याच्या शेवटच्या वर्षांची. त्यात तो अहमद कासिम. राजकारणी बापाचा मुलगा, नवाबाच्या पदरी असलेला, ससाणे उडवणारा देखणा तरुण. मालिकेच्या शेवटी, १९४७ च्या दंगलीत, आगगाडी थांबवली जाते. बाहेरच्या जमावाला हवा असतो तो अहमद. डब्यात इंग्रज मंडळी बसलेली. तो एखाद्या घरून निरोप घ्यावा तसा उठतो, दार उघडतो आणि खाली उतरतो. मी हे दृश्य फार उशिरा पाहिलं. गुप्ते म्हणून ज्याला हसलो होतो, त्याचा चेहरा तोच होता. त्या रात्री जेवण गेलं नाही. हिने विचारलं, "काय झालं?" मी म्हटलं, "गुप्ते गेले." घरातला माणूस गेल्यासारखं ती बराच वेळ काही बोलली नाही.

आणि लगेच १९८५ साली 'माय ब्यूटिफुल लाँड्रेट'. हनीफ कुरैशीची पटकथा, स्टीफन फ्रिअर्सचं दिग्दर्शन. लंडनमधल्या पाकिस्तानी कुटुंबाची आणि एका धुलाईच्या दुकानाची गोष्ट. त्यात आमचे गुप्ते सलीम झालेत. उंची कपडे, उंची मोटार आणि धंदा चोरट्या मालाचा. शेवटी गोऱ्या टोळक्याच्या हातचा भरपूर मार खातात. त्याच साली १३ जुलैला फ्रेडी वेम्बलीच्या मैदानावर लाइव्ह एडच्या सत्तर हजार लोकांपुढे मूठ वर करून उभा होता. नातवाच्या बनियनवरचा हा असाच मूठ वर केलेला. म्हणजे शाळेतल्या एकाच बँडमधली दोन पोरं एकाच वर्षी इंग्लंडात पडद्यावर. एकापुढे सत्तर हजार माणसं टाळ्या वाजवताहेत आणि एकाला चारजण रस्त्यात धोपटताहेत. आणि शाळेत असताना गिटार दुसऱ्याच्या हातात होती!

हे सगळं मी नातवाला बसस्टँडवर मक्याची भजी खाता खाता सांगितलं. तो म्हणाला, "पण आजोबा, म्हणजे तो साइड ॲक्टरच ना?"

आता या शब्दाशी माझं जरा व्यक्तिगत आहे.

मीही सिनेमात काम केलेलं आहे. हसू नका. तरुणपणी वाईच्या मेळ्यात मी ढोलकी वाजवत असे आणि ती बरी वाजवत असे. आमच्या वडिलांना, अण्णांना, ते मान्य नव्हतं. ते शाळामास्तर. "ढोलकी वाजवणाऱ्याचं पोट आणि ढोलकी, दोन्ही पोकळ," असं त्यांचं एक वाक्य होतं. त्यात यमक नसूनही ते सुभाषितासारखं म्हणत. १९७३ साली वाईजवळ एका तमाशापटाचं चित्रीकरण होतं. फडाच्या गाण्यासाठी माणसं हवी होती. साहाय्यक दिग्दर्शकाने विचारलं, "इथे ढोलकी उत्तम कोण वाजवतं?" दहा बोटं माझ्याकडे वळली. त्याने माझा चष्मा पाहिला, बरगड्या पाहिल्या आणि म्हणाला, "छान. तुम्ही तुणतुणं घ्या."

ढोलकी एका पिळदार मिशीवाल्या इसमाच्या गळ्यात गेली. त्याने ती उलटी धरली होती. शाई डावीकडे, धुम उजवीकडे. मी हळूच सांगितलं, तर साहाय्यक म्हणाला, "कॅमेऱ्याला कळत नाही." माझ्या तुणतुण्याला तार नव्हती. ती दिव्यात चमकते म्हणून काढली होती. तीन दिवस मी नसलेली तार छेडत उभा होतो. तीस रुपये मिळाले.

चित्रपट लागला तेव्हा आम्ही सगळे साताऱ्याला पाहायला गेलो. अण्णा आले नाहीत. गाणं सुरू झालं. नाचणारीच्या मागे तिसऱ्या रांगेत मी होतो, पण माझा चेहरा दिसायची वेळ आली, की तिचा हात वर जाई. सबंध गाणंभर तिने माझ्यावर हा डूख धरला होता. शेवटी उजव्या कोपऱ्यात फेट्याचं एक टोक दिसलं आणि हवेत तार छेडणारा एक हात. आई म्हणाली, "हात दिसला हो तुझा. बारीक झालाय." त्यावर घरात हसू फुटलं ते पुढे दहा वर्षं पुरलं. कुणी पाहुणा आला, की मला 'हात दाखवा' म्हणत.

अण्णा या चेष्टेत कधी नव्हते. त्यांनी तो विषयच काढला नाही. ते गेल्यानंतर तीन-चार वर्षांनी बँकेत एक म्हातारा म्हशीच्या कर्जासाठी आला. फॉर्मवर माझी सही झाल्यावर त्याने नाव वाचलं आणि विचारलं, "तुम्ही मास्तरांचे चिरंजीव का?" तो पूर्वी जत्रेतल्या तंबू थिएटरात दारावर असे. म्हणाला, "तुमचं ते तमाशाचं पिक्चर आमच्याकडे सात दिवस होतं. मास्तर रोज यायचे. गाण्याच्या वेळेला यायचे, दारातच उभे राहायचे आणि गाणं संपलं की जायचे. पण तिकीट रोज काढायचे बरं का. पहिल्या दिवशी मी म्हटलं, मास्तर, एका गाण्यापायी तिकीट कशाला काढता? तर म्हणाले, पोरगं कामाला आहे, फुकट कसं बघू?"

मी त्याला म्हटलं, "बसा, चहा घ्या." त्या दिवशी माझी रोख चाळीस रुपयांनी चुकली आणि ती संध्याकाळी सातपर्यंत जुळली नाही.

हे मी नातवाला सांगितलं नाही. मेल्या माणसाची गुपितं बसस्टँडवर, भज्यांसोबत सांगायची नसतात. मी त्याला फक्त एवढंच म्हटलं, की मीसुद्धा एका चित्रपटात साइड ॲक्टर होतो.

"काय सांगता! नाव काय पिक्चरचं?"

मी नाव सांगितलं. त्याने फोन काढला. ज्या गाण्यासाठी अण्णा सात दिवस घाट उतरून येणाऱ्या वाऱ्यात तंबूच्या दारात उभे राहिले, ते त्याला अकरा सेकंदांत सापडलं. प्रिंट पार धुवून गेलेली. नाचणारीचं लुगडं हिरवं होतं ते राखाडी दिसत होतं. मिशीवाला अजूनही उलटी ढोलकी बडवत होता.

"कुठे आहात तुम्ही?"

"थांब. अजून नाही. आता तिचा हात वर जाईल. गेला. परत जाईल. आता उजवीकडे बघ, खालच्या कोपऱ्यात."

त्याने चित्र थांबवलं. दोन बोटांनी ते मोठं केलं. पडदाभर एक धूसर हात पसरला.

"आजोबा, बोटं बरोबर पडताहेत," तो म्हणाला. स्वतः गिटार वाजवत असल्यामुळे त्याला ते दिसलं. "तार कुठाय पण?"

तेवढ्यात वाईची गाडी लागली. कंडक्टर ओरडायला लागला आणि आम्ही जागा पकडायला धावलो. घाट उतरेपर्यंत नातू फोनमध्ये डोकं घालून बसला होता. पसरणी आल्यावर त्याने मान वर केली. मला वाटलं, शाहीर साबळ्यांबद्दल विचारणार.

"आजोबा," तो म्हणाला, "ते गुप्ते कशात बघायला मिळतील?"